वॉलेसचा आवाज: पीटर सॅलिस

ब्रिटिश अभिनेते पीटर सॅलिस यांचा जन्म १ फेब्रुवारी १९२१ रोजी लंडनजवळच्या ट्विकनम इथे झाला. शिक्षण संपल्यावर त्यांनी वडिलांप्रमाणे बँकेत नोकरी धरली. दुसऱ्या महायुद्धात ते हवाई दलात गेले. तिथे विमानात बसण्याऐवजी क्रॅनवेलच्या तळावर बिनतारी यंत्रणा शिकवण्याचे काम वाट्याला आले. तळावरच्या हौशी नाटकात मुख्य भूमिका मिळाली आणि बँकेची खुर्ची कायमची सुटली. युद्धानंतर ‘रॉयल अकॅडमी ऑफ ड्रॅमॅटिक आर्ट’मध्ये शिकून १९४६ मध्ये ते व्यावसायिक रंगभूमीवर आले.

पुढची पंचवीसएक वर्षे ते नायकाच्या आजूबाजूची माणसे रंगवत राहिले. १९५५ मध्ये ऑर्सन वेल्स यांच्या ‘मोबी डिक’ या नाट्यप्रयोगात ते होते, तर १९६८ मध्ये लंडनच्या ‘कॅबरे’त जुडी डेंच यांच्यासोबत त्यांनी हेर शुल्ट्झ हा फळविक्रेता उभा केला. हॅमर कंपनीच्या भयपटांतही त्यांनी कामे केली. चेहरा ओळखीचा, नाव मात्र चटकन आठवत नाही, अशी ही कारकीर्द होती.

घरोघरी ओळख झाली ती पन्नाशी उलटल्यावर. ‘लास्ट ऑफ द समर वाइन’ ही बीबीसीची विनोदी मालिका १९७३ मध्ये सुरू झाली. यॉर्कशायरच्या टेकड्यांमध्ये पोरकटपणा करत हिंडणाऱ्या तीन रिकामटेकड्या म्हाताऱ्यांची ही गोष्ट. सॅलिस त्यातला भिडस्त, घाबरट नॉर्मन क्लेग झाले. २०१० मध्ये मालिका संपेपर्यंत तिचे २९५ भाग झाले. त्या सगळ्या भागांत दिसलेले ते एकमेव कलाकार. याच मालिकेच्या पूर्वकथेत त्यांनी क्लेगच्या वडिलांचीही भूमिका केली.

क्लेगसारखाच त्यांचा आवाजही साधा, किंचित बिचकणारा होता. १९८० च्या दशकाच्या सुरुवातीला चित्रपट शिकणाऱ्या निक पार्क या विद्यार्थ्याने आपल्या सचेतपटातल्या वॉलेस या प्लॅस्टिसिनच्या बाहुल्यासाठी नेमका तोच मागितला. मोबदला ठरला पन्नास पौंड, तोही सॅलिस यांच्या पसंतीच्या धर्मादाय कामासाठी. पार्क यांना लँकेशायरचा हेल हवा होता. सॅलिस यांना जमत होता तो यॉर्कशायरचा. तोच ठेवला गेला. ध्वनिमुद्रणानंतर काही वर्षांनी, १९८९ मध्ये ‘अ ग्रँड डे आउट’ हा लघुपट पूर्ण झाला.

अशा सचेतपटांत आवाज आधी मुद्रित होतो. मग प्लॅस्टिसिनच्या बाहुल्याचे तोंड त्या उच्चारांबरहुकूम बदलत एकेक चौकट टिपली जाते. सॅलिस यांनी ‘चीज’ शब्दातला ‘ई’ असा काही ताणला, की तो दाखवायला वॉलेसचे तोंड कानापर्यंत रुंदवावे लागले. बाहुल्याची ती प्रसिद्ध बत्तिशी मुळात या उच्चारातून आली. वॉलेसचा कुत्रा ग्रोमिट तर बोलतच नाही. त्यामुळे दोघांमधला संवाद ऐकू येतो तो एकट्या सॅलिस यांच्या तोंडून.

‘द राँग ट्राउझर्स’ (१९९३) आणि ‘अ क्लोज शेव्ह’ (१९९५) या लघुपटांना ऑस्कर मिळाले. ‘द कर्स ऑफ द वेअर-रॅबिट’ (२००५) हा पूर्ण लांबीचा सर्वोत्कृष्ट सचेतपट ठरला. वॉलेसच्या आवडीच्या वेन्स्लीडेल चीजचा खपही त्याच्या लोकप्रियतेमुळे वाढला. ‘द विंड इन द विलोज’ या बालमालिकेतल्या उंदराचा आवाजही सॅलिस यांचाच. २००७ मध्ये त्यांना ‘ऑर्डर ऑफ द ब्रिटिश एम्पायर’ने गौरवण्यात आले.

दृष्टी मंदावल्यावर ते निवृत्त झाले आणि वॉलेसचा आवाज बेन व्हाइटहेड यांच्याकडे गेला. २ जून २०१७ रोजी, वयाच्या ९६ व्या वर्षी, सॅलिस यांचे निधन झाले. त्यांचे दफन लंडनमध्ये नव्हे, तर यॉर्कशायरमध्ये झाले: जिथे ‘लास्ट ऑफ द समर वाइन’चे चित्रीकरण चाले त्या होमफर्थजवळ, त्यातले सहकलाकार बिल ओवेन यांच्या शेजारी.