'फँड्री' ते 'झुंड' : नागराज मंजुळे यांचा दगड कुणाला लागला?

'फँड्री'च्या शेवटी जब्याने भिरकावलेला दगड थेट पडद्याबाहेर, आपल्या अंगावर येतो. वस्तीतल्या मुलांना आम्ही हा चित्रपट दाखवतो तेव्हा त्या क्षणाला कुणीच बोलत नाही. मग एखादा हळूच विचारतो, "हे आपल्या नगरचंच आहे ना?"

हो, आपलंच. चित्रपटातलं गाव अकोळनेर, नगरजवळचं. आणि तो बनवणारे नागराज मंजुळे मूळचे सोलापूर जिल्ह्यातल्या करमाळा तालुक्यातल्या जेऊरचे, वडार समाजातले असले तरी सिनेमा शिकले ते नगरच्या न्यू आर्ट्स महाविद्यालयात. त्याआधी पुणे विद्यापीठातून मराठीत एम.ए. म्हणजे आधी कवी, मग दिग्दर्शक. 'उन्हाच्या कटाविरुद्ध' हा त्यांचा कवितासंग्रह. नगरला शिकत असतानाच त्यांनी 'पिस्तुल्या' हा लघुपट केला. शाळेची ओढ असलेल्या गरीब मुलाची ही गोष्ट राष्ट्रीय पुरस्कारापर्यंत पोचली.

'फँड्री' १४ फेब्रुवारी २०१४ ला प्रदर्शित झाला आणि पदार्पणातल्या दिग्दर्शनाचा राष्ट्रीय पुरस्कारही मिळाला. फँड्री म्हणजे कैकाडी भाषेत डुक्कर. शाळेच्या भिंतीवर बाबासाहेब, सावित्रीमाई. आणि त्याच भिंतीसमोरून मेलेलं डुक्कर खांद्यावर घेऊन जाणारं माने कुटुंब. भाषणात तासभर सांगूनही जे पोचत नाही, ते या एका दृश्यात आहे. सायकलचं दुकान चालवणारा चंक्या स्वतः नागराज यांनीच साकारला. जातीबाहेरच्या प्रेमाची किंमत मोजलेला हा माणूस आहे.

आता तारखा पाहा. 'फँड्री' आला त्याच वर्षी, २८ एप्रिलला, आपल्या जिल्ह्यातल्या जामखेड तालुक्यात खर्डा इथे एका सतरा वर्षांच्या दलित विद्यार्थ्याचा खून झाला. सवर्ण मुलीशी बोलतो, एवढाच संशय. नोव्हेंबर २०१७ मध्ये आरोपी निर्दोष सुटले. पडद्यावरच्या जब्यासाठी टाळ्या वाजवणाऱ्या जिल्ह्यात हे घडलं, हे आम्हाला विसरता येत नाही.

२०१६ च्या 'सैराट'ने मराठीत कमाईचे विक्रम मोडले. पण आमची एक तक्रार आहे, आणि ती दिग्दर्शकाबद्दल नाही. आपल्याच जयंतीच्या मिरवणुकीत डीजेवर 'झिंगाट' वाजतं. रक्ताळलेल्या पावलांनी बाहेर येणारं ते लेकरू आणि शेवटची निःशब्द मिनिटं मात्र कुणाच्या बोलण्यात येत नाहीत.

पुढे 'पावसाचा निबंध' या लघुपटाच्या दिग्दर्शनाला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, 'नाळ'मध्ये त्यांनी बापाची भूमिका केली. २०२२ च्या 'झुंड'मध्ये तर झोपडपट्टीतली आंबेडकर जयंती आहे आणि बाबासाहेबांच्या तसबिरीसमोर अमिताभ बच्चन हात जोडून उभे आहेत. हिंदीच्या मोठ्या पडद्यावर आपला हा दिवस, आपल्या निळ्या रंगासकट, असा क्वचितच दिसला.

विहारात चित्रपट दाखवायचा असेल तर सुरुवात 'पिस्तुल्या'पासून करा. तो छोटा आहे, त्यामुळे नंतर चर्चेला वेळ उरतो. आणि चर्चेत मुलींना आधी बोलू द्या.