फेट्यातला मणी

मुंबई शहराचा एक मुष्टियोद्धा गेली चाळीस वर्षे जगभर मार खात आला आहे, आणि खुद्द मुंबईत त्याची गंधवार्ताही फारशी कुणाला नाही. त्याचे नाव ग्रेट टायगर. डोक्यास फेटा, फेट्याच्या ऐन मध्यभागी एक मणी, आणि पडद्यावर उमटणाऱ्या त्याच्या माहितीत ठावठिकाणा म्हणून ‘बॉम्बे, इंडिया’ अशी नोंद. हा गृहस्थ हाडामांसाचा नव्हे. जपानमधील क्योतो शहरी निन्टेंडो नामक कंपनीच्या चित्रकारांनी त्याला जन्मास घातले आणि ‘पंच-आउट’ या व्हिडिओ गेममध्ये ठोसे मारण्यासाठी, आणि त्याहूनही अधिक खाण्यासाठी, त्याची नेमणूक केली. त्याचा ठोसा सुटण्यापूर्वी फेट्यातला तो मणी क्षणभर लकाकतो. ज्याला ती लकाकी दिसली तो वाचला. ज्याला दिसली नाही तो आडवा झाला.

मुष्टियुद्धाचा खेळ म्हटला की यंत्राची बटणे जिवाच्या आकांताने बडवीत सुटणारी पोरे डोळ्यांपुढे येतात, आणि घरातली वडीलधारी मंडळी त्या खडखडाटाला कंटाळून खोलीचे दार लोटून घेतात. पंच-आउटची गोष्ट वेगळी आहे. येथे जो आंधळेपणाने हात चालवतो त्याचा निकाल पहिल्याच फेरीत लागतो. येथे जिंकायचे ते प्रतिस्पर्ध्याकडे निमूटपणे पाहून, त्याच्या भुवया, त्याचे खांदे आणि त्याचा पवित्रा वाचून. आणि हा खेळ असा पाहण्याचा का झाला याचे मूळ कोणा कल्पक माणसाच्या दिव्य स्फूर्तीत नसून एका गुदामात पडून राहिलेल्या मालात आहे.

निन्टेंडो ही 1889 साली हानाफुदा नावाचे जपानी पत्ते तयार करण्यासाठी स्थापन झालेली पेढी. पत्त्यांपासून खेळण्यांकडे आणि खेळण्यांकडून नाणे टाकून खेळायच्या यंत्रांकडे वळलेल्या या पेढीला 1981 साली ‘डाँकी काँग’ या खेळाने अफाट यश मिळवून दिले. यशाच्या भरात कारखान्यातर्फे पडद्यांची, म्हणजे टीव्हीसारख्या मॉनिटरांची, जी खरेदी झाली ती गरजेपेक्षा बरीच जास्त ठरली. शिल्लक मालाची विल्हेवाट हा कोणत्याही कारखानदाराची झोप उडवणारा प्रश्न. तेव्हा वरून हुकूम सुटला की एकाच यंत्रात दोन पडदे खपतील असा काही खेळ काढावा. हे काम गेन्यो ताकेदा यांच्याकडे आले. ताकेदा हे पिंडाने अभियंता. खेळ अर्धा सोडला तरी पुढल्या वेळी तेथूनच सुरू करता यावा म्हणून कॅसेटमध्ये बॅटरी बसवण्याची युक्ती ज्यांच्या नावावर जमा आहे ते हेच.

पडद्याचा प्रश्न सुटला तरी खेळाचा सुटत नव्हता. हाती एक नवे विद्युत्मंडल होते, ज्याच्या योगाने पडद्यावरची एक मोठी आकृती पाहिजे तशी लहानमोठी करता येई, जवळ आणता येई, दूर लोटता येई. पण ती एकच. अनेक मोटारींची शर्यत दाखवायची तर अनेक आकृत्या लागणार. मग ज्या खेळात समोर एकच माणूस असतो, आणि तो कधी अंगावर येतो, कधी मागे सरतो, असा खेळ कोणता? मुष्टियुद्ध. विचारांती जे सुचले ते असे नाइलाजाच्या वाटेने सुचले. प्रतिस्पर्धी मोठा दिसावा म्हणून त्याला पडद्याचा मोठा भाग दिला, आणि तो मोठा झाला म्हणून खेळणाऱ्याचा स्वतःचा योद्धा आड येऊ लागला. त्यावर तोड अशी की आपला योद्धा नुसत्या हिरव्या तारांच्या सांगाड्याचा काढायचा, म्हणजे त्याच्या देहाच्या आरपार पलीकडचा माणूस दिसेल. रेखाटनाची बाजू शिगेरू मियामोतो यांनी सांभाळली. डाँकी काँगचे जनक तेच. चेहऱ्यातून स्वभाव दाखवण्याची त्यांची हातोटी या खेळाच्या फार कामी आली.

1984 साली हे दोन मजली यंत्र बाहेर पडले. वरच्या पडद्यावर दोघा योद्ध्यांची नावनिशी आणि गुणांचा तपशील, खालच्या पडद्यावर प्रत्यक्ष झुंज, आणि यंत्राच्या पोटातून प्रत्येक ठोशाचे नाव पुकारणारा एक उत्साही निवेदक. पॅरिसचा ग्लास जो, हवानाचा पिस्टन हरिकेन, इस्तंबूलचा बाल्ड बुल असे एकेक करीत फिलाडेल्फियाच्या मिस्टर सँडमनपर्यंत सहा जण. त्याच्याच पाठोपाठ ‘सुपर पंच-आउट’ निघाले आणि आपला मुंबईकर प्रथम तेथे उभा राहिला.

खरी कसोटी पुढे आली. हाच खेळ घरच्या टीव्हीला जोडायच्या निन्टेंडोच्या लहान यंत्रावर आणायचा ठरला तेव्हा त्या यंत्राला हा पसारा पेलणार नाही हे उघड होते. तारांचा आरपार दिसणारा देह काढण्याचे बळ त्यात नव्हते. मग पूर्वीच्या तोडीवर दुसरी तोड निघाली: आपला योद्धा पारदर्शक करता येत नाही ना, मग तो बुटका करावा! बुटका म्हणजे इतका की समोरच्याच्या कमरेशीही त्याचे डोके जेमतेम पोचावे. न्यूयॉर्कच्या ब्रॉन्क्स भागातला सतरा वर्षांचा, 107 पौंडांचा, म्हणजे साडेअठ्ठेचाळीस किलो वजनाचा लिटल मॅक हा पोरगा असा तांत्रिक अडचणीतून जन्मला. आणि ठेंगण्याने धिप्पाडाला लोळवण्याचे जे काव्य पुढे लाखो मुलांना या खेळात दिसले ते यंत्राच्या तुटपुंज्या ताकदीने परस्परच लिहून टाकले. त्याच्या दिमतीला डॉक लुईस नावाचा वस्ताद दिला. धिप्पाड प्रतिस्पर्ध्याची आकृती हलत्या चित्रांच्या हिशेबात बसेना, म्हणून ती चक्क पार्श्वभूमीच्या ठोकळ्यांतून रंगवली, आणि ते ठोकळे डोळ्याचे पाते लवते न लवते तोच पालटावेत यासाठी कॅसेटमध्येच एक खास चिप बसवली. प्रेक्षकाला वाटते की माणूस नाचतो आहे. वस्तुतः भिंतच नाचत असते.

एका झुंजीचा तपशील जवळून पाहावा. वर कोपऱ्यात काही हृदयचिन्हे दिसतात. तुमचा ठोसा त्याने अडवला की ती घटतात, त्याचा ठोसा तुम्हाला बसला तरी घटतात, आणि संपली की लिटल मॅक दमून गुलाबी पडतो, हात उचलेनासा होतो, तेव्हा नुसते चुकवत राहण्यावाचून गत्यंतर नसते. म्हणजे फुकटचा ठोसा हा येथे सरळ तोट्याचा व्यवहार. किंग हिप्पो नावाचा एक अगडबंब भिडू आहे. त्याला कितीही बडवा, हूं की चूं नाही. परंतु ठोसा मारायच्या अगोदर तो जबडा वासतो. त्याच क्षणी तोंडावर एक लगावली की त्याची तुमान घसरते, दोन्ही हात ती सावरण्यात गुंततात, आणि उघड्या पोटावर यथेच्छ हात धुऊन घेता येतो. हा राजा एकदा पडला की पुन्हा उठत नाही. बाल्ड बुल रिंगणाच्या टोकाला जाऊन बैलासारखा उसळ्या मारीत चालून येतो, आणि तो पोचायच्या नेमक्या क्षणी पोटात बसलेला एक ठोसा त्याला उताणा करतो. क्षण चुकला तर उताणे होण्याची पाळी आपली. आणि ग्रेट टायगर? तो एकदा मागे सरतो आणि भोवऱ्यासारखा गरगरत रिंगणभर पाच वेळा अंगावर येतो. घाबरून हात उगारणारा हरतो. जो पाचही वेळा मुकाट्याने बचाव धरून उभा राहतो त्याच्यापुढे मुंबईचा वाघ घेरी आल्यासारखा डोलत उभा राहतो, आणि एका टिचकीसरशी कोसळतो.

या घरगुती आवृत्तीचे जपानमधील पहिले रूप मात्र बाजारात विकत मिळतच नव्हते. 1987 साली निन्टेंडोने भरवलेल्या एका गोल्फ खेळाच्या स्पर्धेत यशस्वी झालेल्या दहा हजार जणांना सोनेरी रंगाची कॅसेट इनाम म्हणून धाडण्यात आली. त्यात शेवटचा प्रतिस्पर्धी होता सुपर माचो मॅन. तोवर अमेरिकेत दुसरेच नाटक घडत होते. निन्टेंडोच्या अमेरिकी शाखेचे प्रमुख मिनोरू अराकावा, म्हणजे कंपनीचे सर्वेसर्वा हिरोशी यामाउची यांचे जावई, एका तरुण मुष्टियोद्ध्याची झुंज पाहून इतके प्रभावित झाले की त्याचे नाव आणि चेहरा वापरण्याचा मुदतबंद करारनामा त्यांनी करून टाकला. तो तरुण म्हणजे माइक टायसन. 22 नोव्हेंबर 1986 रोजी लास व्हेगासला त्याने ट्रेव्हर बर्बिकला दुसऱ्याच फेरीत लोळवले आणि अवघ्या विसाव्या वर्षी तो हेवीवेट गटाचा सर्वांत लहान वयाचा जगज्जेता ठरला. ‘माइक टायसन्स पंच-आउट’ 1987 च्या ऑक्टोबरात अमेरिकेत विक्रीस आले.

त्या खेळातला टायसन ही एका पिढीची बालपणीची दहशत आहे. पहिली नव्वद सेकंदे, तीही खेळातल्या घाईच्या घड्याळाची, त्याचा खालून वर येणारा प्रत्येक ठोसा एकाच फटक्यात जमिनीवर घालतो. तेथवर पोचण्यासाठी शिकलेली सारी विद्या त्या नव्वद सेकंदांत तोकडी पडते. पोचणे हेच इतके कष्टाचे की 007-373-5963 हा त्याच्यापाशी थेट नेणारा परवलीचा आकडा अमेरिकेतल्या पोरांनी टेलिफोन नंबरासारखा पाठ केला, आणि आज पन्नाशीच्या घरात आलेल्या त्या पोरांना तो झोपेतही म्हणता येतो.

करारनाम्याची मुदत सरली आणि तो पुढे चालवण्यात आला नाही. मधल्या काळात 11 फेब्रुवारी 1990 रोजी तोक्योत, म्हणजे निन्टेंडोच्याच मायदेशी, बस्टर डग्लसने टायसनला दहाव्या फेरीत पाडून जगाला थक्क केले होते. त्याच वर्षी ऑगस्टमध्ये खेळ पुन्हा बाजारात आला तो नुसता ‘पंच-आउट’ या नावाने, आणि टायसनच्या जागी मिस्टर ड्रीम नावाचा एक गोरा अनोळखी इसम होता. धड तेच, डाव तेच, ठोशांची वेळही तीच; केवळ मुंडके बदललेले. टायसनवर पुढे जो गंभीर गुन्हा शाबीत झाला त्यामुळे कंपनीने त्याचे नाव काढले, अशी एक समजूत फार रूढ आहे. पण तारखांची रुजुवात केली तर ती टिकत नाही, कारण ती फिर्याद 1991 ची आणि शिक्षा 1992 ची.

या मालिकेवर एक आक्षेप वारंवार घेतला जातो आणि तो मला रास्त वाटतो. फ्रान्सचा माणूस काचेच्या हनुवटीचा भित्रा, स्पेनचा नृत्यवेडा, रशियाचा दारुडा, हिंदुस्थानचा फेटेवाला जादूगार: एकेका देशाचे एकेका हशात केलेले हे मोजमाप आहे. रशियन गड्याचे मूळ नाव व्होडका ड्रंकेन्स्की. घरात मुले खेळणार म्हणून त्याचे कागदोपत्री नामांतर ‘सोडा पोपिन्स्की’ असे झाले, पण हातातली बाटली आणि अंगाचा लालबुंद रंग कायम राहिले, तेव्हा नामांतराने किती हशील झाले ते ज्याने त्याने ठरवावे. 2009 साली वी या यंत्रासाठी कॅनडातील व्हँकूव्हरच्या नेक्स्ट लेव्हल गेम्स या संस्थेने जी नवी आवृत्ती रचली तीत हे भिडू आपापल्या भाषेत बोलू लागले. ग्रेट टायगरच्या ठावठिकाण्यात ‘बॉम्बे’ जाऊन ‘मुंबई’ आले, ही गोष्ट चांगलीच झाली. बोलू मात्र तो हिंदीत लागला. मुंबईचा माणूस परक्याशी बोलताना हिंदीवर उतरतो हे क्योतो आणि व्हँकूव्हरच्या मंडळींना आपसूकच साधले, असे म्हणून मी स्वतःचे समाधान करून घेतो.

दरम्यान 1994 साली सुपर निन्टेंडो या घरगुती यंत्रावर सोळा प्रतिस्पर्ध्यांचे, जुनेच नाव घेतलेले पण वेगळे ‘सुपर पंच-आउट’ येऊन गेले. यंत्राचे बळ वाढले असल्याने मॅक पुन्हा काचेसारखा पारदर्शक झाला. याच खेळात दोघांनी समोरासमोर झुंजण्याची सोय गुप्तपणे ठेवलेली होती, आणि ती 2022 साली, तब्बल अठ्ठावीस वर्षांनी, उघडकीस आली. इतकी वर्षे घराघरांतले भाऊ-भाऊ आळीपाळीने एकटे खेळत होते.

पाहण्याचा म्हणून जो खेळ, तो डोळ्यांवर पट्टी बांधून शेवटपर्यंत जिंकणारे वीरही आता आहेत; ठोशागणिक होणाऱ्या बारीक आवाजांवरून ते वेळ साधतात. पण बंद डोळ्यांनी जिंकणाऱ्यांपेक्षा मला उघड्या डोळ्यांना न दिसलेल्या एका माणसाचे नवल अधिक वाटते. 1987 च्या त्या कॅसेटमध्ये रिंगणालगत प्रेक्षकांचा एक जथा रंगवलेला आहे, आणि त्यात एक दाढीवाला बसलेला आहे. पिस्टन होंडा नावाचा आणखी एक भिडू किंवा बाल्ड बुल चालून येत असताना, ज्या एका ठोशाने त्यांना थेट आडवे करता येते त्याची नेमकी वेळ आली की हा दाढीवाला मान खाली घालतो. लाखो मुलांनी या खेळात प्रतिस्पर्ध्याच्या भुवयांपासून फेट्यातल्या मण्यापर्यंत सारे काही डोळ्यांत तेल घालून पाहिले, पण गर्दीतल्या त्या एका मानेकडे 2016 सालापर्यंत, म्हणजे एकोणतीस वर्षे, कुणाचे लक्ष गेले नाही. तो आपला अशा प्रत्येक झुंजीत, नेमक्या क्षणी, इमानेइतबारे मान खाली घालीतच होता.