धंद्यातला वाद आणि पोलीस बंदोबस्त

भागीदाराने दुकानाला कुलूप ठोकले, दमदाटी केली, की आपली माणसे पोलीस ठाण्यात धावतात. तेथे 'हा दिवाणी मामला, कोर्टात जा' असे ऐकून हिरमुसून परततात. बंधूभगिनींनो, येथे दोन गोष्टी वेगळ्या ओळखाव्यात. मारहाण, धमकी हा गुन्हा. त्याची लेखी तक्रार देऊन पोच घ्यावी. पण हिस्सा कोणाचा, हे पोलीस ठरवू शकत नाहीत. केवळ बंदोबस्त मागणाऱ्या रिट अर्जातून असे दिवाणी हक्क ठरवून घेता येत नाहीत, हे सर्वोच्च न्यायालयाने २००६ साली पी. आर. मुरलीधरन खटल्यात स्पष्ट केले.

म्हणून आधी दिवाणी न्यायालयातून मनाई हुकूम घ्यावा. तो मोडला गेल्यास त्याच न्यायालयाकडे पोलीस मदत मागता येते. हुकूम मोडणाऱ्याची मालमत्ता जप्त होऊ शकते, तीन महिन्यांपर्यंत तुरुंगवासही होऊ शकतो.

वकिलाला पैसे नाहीत म्हणून हक्क सोडू नका. १९८७ च्या विधी सेवा कायद्याने स्त्रियांना व अनुसूचित जातींना, उत्पन्न कितीही असो, मोफत वकील मिळतो. १९९० पासून अनुसूचित जातींतील बौद्धांनाही हा दर्जा आहे. तालुका विधी सेवा समितीकडे अर्ज करावा.

आणि धंदा सुरू करतानाच भागीदारीची नोंदणी करा. नोंदणी नसेल तर दावा लावणेच अवघड होते.