‘कोटुले’ : एक शब्द, अनेक अर्थ आणि आपले मान

द्रव्यगुणशास्त्राच्या अभ्यासकास वनस्पतींची लॅटिन नावे पाठ करावी लागतात. परंतु त्या नावांत दडलेल्या अर्थाकडे सहसा कोणाचे लक्ष जात नाही. नाव म्हणजे केवळ खूण, असे समजून आपण पुढे जातो. प्रस्तुत लेखात आम्ही एका ग्रीक शब्दाचा मागोवा घेणार आहोत. हा शब्द ग्रीकांच्या औषधिमापनात माप म्हणून, शारीरात अवयव म्हणून आणि वनस्पतिशास्त्रात कधी पर्णाचे तर कधी बीजदलाचे नाव म्हणून वावरतो. वरकरणी हा विषय भाषाशास्त्राचा वाटेल. परंतु औषधनिर्मितीत द्रव्याची ओळख आणि द्रव्याचे मान या दोनच गोष्टींवर सर्व भिस्त असते, आणि या शब्दाच्या इतिहासात दोन्ही ठिकाणच्या चुकांची बीजे आढळतात. म्हणून औषधशाळाचालक बंधूंनी हा लेख आवर्जून वाचावा, अशी आमची विनंती आहे.

मूळ अर्थ : पोकळ वस्तू

‘कोटुले’ या ग्रीक शब्दाचा मूळ अर्थ पोकळी असलेली वस्तू, वाटी अथवा पेला. वाटीत द्रव मावतो, म्हणून वाटी हेच माप झाले. अथेन्स नगरीच्या प्रमाणात एक कोटुले म्हणजे सुमारे २७० मिलिलिटर. तिचा सहावा भाग ‘क्याथोस’, म्हणजे सुमारे ४५ मिलिलिटर. आणि चौथा भाग ‘ऑक्सिबाफोन’, म्हणजे सुमारे ६८ मिलिलिटर. क्याथोस हे मुळात पेयपात्रातून द्रव काढण्याच्या पळीचे नाव, तर ऑक्सिबाफोन हे आसवाम्लाच्या, म्हणजे शिरक्याच्या, लहान वाटीचे. बारा कोटुले मिळून एक ‘खूस’ आणि एकशे चव्वेचाळीस कोटुले मिळून एक ‘मेत्रेतेस’, म्हणजे सुमारे ३९ लिटर, होई. रोमन लोकांनी कोटुलेलाच ‘हेमिना’ म्हटले आणि ऑक्सिबाफोनचे भाषांतर ‘अ‍ॅसिटॅब्युलम’ असे केले.

येथे ध्यानात घेण्याजोगी गोष्ट अशी की, ही सर्व नावे घरातील भांड्यांची आहेत. वाटी, पळी, शिरक्याची कटोरी यांनाच शास्त्राने मानाची प्रतिष्ठा दिली. परंतु नगरानगरांतील भांडी सारखी नव्हती, त्यामुळे मापेही सारखी नव्हती. इसवी सनाच्या दुसऱ्या शतकातील ग्रीक वैद्य गालेन याने या गोंधळाची दखल घेतली आहे. तेल मापण्यासाठी रोममध्ये रेषा आखलेले शृंगपात्र वापरीत. त्या रेषांनी दर्शविलेला मापाचा औंस आणि तराजूवरील वजनाचा औंस हे एक नव्हेत, हे त्याने वैद्यांच्या निदर्शनास आणून दिले. नाव एक, परंतु एक आयतनाचे आणि दुसरे भाराचे! द्रवद्वैगुण्याची परिभाषा शिकलेल्या आपल्या वैद्यांस या तक्रारीचे मर्म सांगणे नलगे.

शारीरातील वाटी

कटिसंधीतील ज्या खोलगट भागात ऊर्वस्थीचे शिर बसते, त्या भागासही ग्रीकांनी ‘कोटुले’ म्हटले. होमरच्या ‘इलियड’ काव्यात युद्धप्रसंगी या अवयवाचा याच नावाने उल्लेख आहे. रोमन भाषेत तोच खोलगट भाग ‘अ‍ॅसिटॅब्युलम’ झाला आणि आजही आधुनिक शारीरात तेच नाव चालते. म्हणजे अस्थिरोगतज्ज्ञ ज्या शब्दाने कटिसंधीच्या खोबणीचा निर्देश करतात, तो मुळात शिरक्याच्या वाटीचा आणि एका मापाचा वाचक आहे.

याच ठिकाणी आपल्या आचार्यांची दृष्टी पाहण्यासारखी आहे. सुश्रुतसंहितेच्या शारीरस्थानात संधींचे आठ प्रकार सांगितले असून, कक्षा, वंक्षण आणि दशन येथील संधींस ‘उलूखल’ म्हटले आहे. ग्रीकांस त्या ठिकाणी वाटी दिसली, सुश्रुतांस उखळ दिसले. दोघांनीही घरातीलच वस्तू उपमेसाठी घेतली. परंतु उखळ म्हटल्याबरोबर त्यात फिरणारे मुसळही डोळ्यांपुढे येते आणि संधीची गती सूचित होते. वाटीने केवळ आकार कळतो, उखळाने कर्मही कळते.

वनस्पतिशास्त्रातील वाटी

कोटुले शब्दापासून ‘कोटिलेडॉन’ हा शब्द निघाला. ग्रीकांनी तो वाटीसारख्या खळग्यांसाठी वापरला. अष्टपाद जलचराच्या बाहूंवरील चूषकांस आणि पशूंच्या गर्भाशयातील, गर्भास पोषण पुरविणाऱ्या बंधांसही हे नाव होते. डायोस्कोरिडीस याने मध्यभागी खळगा असलेल्या गोल पानांच्या एका खडकाळ जागी उगवणाऱ्या वनस्पतीस हेच नाव दिले. ती वनस्पती आज ‘अम्बिलिकस’, म्हणजे नाभी, या प्रजातीत मोडते.

पुढे वनस्पतिशास्त्रज्ञांनी बीजातील दलांस हे नाव दिले. ही दले वाटीच्या आकाराची असतातच असे नाही. साम्य आहे ते गर्भास पोषण देण्याच्या कर्माचे. इंग्लंडमधील जॉन रे यांनी १६८२ साली प्रसिद्ध केलेल्या ग्रंथात बीजदलांच्या संख्येचा वनस्पतींच्या वर्गीकरणासाठी उपयोग केला. आपण ज्यांस एकदल आणि द्विदल म्हणतो, त्या दोन वर्गांच्या पाश्चात्त्य नावांत हीच ग्रीक वाटी आहे. उडदाची डाळ हाती घेतली असता एका परीने आपण कोटिलेडॉनच हाती घेतलेले असते.

परंतु ‘कोटिलेडॉन’ हे एका प्रजातीचेही नाव आहे. लिनियस याने १७५३ साली ते रूढ केले, आणि मांसल पानांच्या अनेक वनस्पती त्या काळी या प्रजातीत घातल्या गेल्या. आपल्याकडील पानफुटी, म्हणजे पर्णबीज, हिचे लामार्क याने १७८६ साली केलेले नामकरण ‘कोटिलेडॉन पिनाटा’ असे होते. १८०५ साली ती ‘कालांको’ प्रजातीत गेली. ‘ब्रायोफायलम’ या नावानेही ती ओळखली जाते. खऱ्या कोटिलेडॉन प्रजातीतील दक्षिण आफ्रिकेच्या वनस्पती गुराढोरांस विषारी ठरल्या असून, त्यांतील बुफाडायेनोलाइड वर्गाची द्रव्ये हृदयावर परिणाम करतात. त्याच वर्गाची द्रव्ये पर्णबीजाच्या गणातही आढळली आहेत. तेव्हा जुन्या ग्रंथात केवळ ‘कोटिलेडॉन’ एवढेच वाचून निष्कर्ष काढणे धोक्याचे आहे. तो बीजदलाचा उल्लेख आहे, नाभिपर्णीचा आहे, आफ्रिकेतील विषारी झुडपाचा आहे, की आपल्या पानफुटीचा, हे संदर्भावरूनच ठरते.

क्याथोस या लहान मापाचीही हीच कथा आहे. स्नुही, दुग्धिका आदि क्षीरी वनस्पतींचा जो पुष्पविन्यास, त्यास वनस्पतिशास्त्रात ‘सायाथियम’ म्हणतात. म्हणजे लहान पेला. वरवर एकच फूल वाटणाऱ्या त्या पेल्यात एक स्त्रीपुष्प आणि त्याभोवती अनेक पुंपुष्पे असतात. विद्यार्थ्यास हा शब्द कठीण वाटतो. परंतु पेल्याचा अर्थ सांगितला की विसरत नाही, असा आमचा अनुभव आहे.

मंडूकपर्णी आणि पाण्याची वाटी

आता व्यवहाराकडे वळू. मंडूकपर्णीचे लिनियसकृत नाव ‘हायड्रोकोटाइल एशियाटिका’ होते. हायड्रो म्हणजे पाणी आणि कोटाइल म्हणजे आपली कोटुले. ओलसर जागी उगवणारी, वाटीसारख्या गोल पानांची, म्हणून पाण्याची वाटी. १८७९ साली उर्बान याने ती ‘सेंटेला’ प्रजातीत घातली आणि आज ‘सेंटेला एशियाटिका’ हेच नाव ग्राह्य आहे. परंतु १८६८ सालच्या हिंदुस्थानच्या औषधसंहितेत तिचा उल्लेख हायड्रोकोटाइल असाच आहे, आणि होमिओपॅथीच्या औषधांवर हे जुने नाव अद्याप छापले जाते.

येथवर केवळ नावाचा बदल झाला. अडचण अशी की, हायड्रोकोटाइल ही प्रजाती नाहीशी झालेली नाही. तिच्यातील इतर वनस्पती आजही त्याच नावाने ओळखल्या जातात, त्या आपल्या सह्याद्रीतही ओलसर जागी उगवतात, आणि त्यांची पानेही वाटोळी असतात. त्यांतच महाराष्ट्रात कारिवणा, म्हणजे मंडूकपर्णी, हीच ‘ब्राह्मी’ म्हणून सर्रास विकली जाते. भारतीय आयुर्वेदिक औषधसंहितेने मात्र ब्राह्मी म्हणजे ‘बाकोपा मोनिएरी’ आणि मंडूकपर्णी म्हणजे ‘सेंटेला एशियाटिका’, असा स्पष्ट निर्णय दिलेला आहे.

दोहोंतील भेद हिरव्या स्थितीत सहज कळतो. मंडूकपर्णीचे पान लांब देठाचे, वृक्काकार, तळाशी खाच असलेले आणि कडेस गोलसर दाते असलेले. ब्राह्मीची पाने लहान, मांसल, बिनदेठाची, समोरासमोर आणि अखंड कडेची, चव कडू. परंतु सुकलेला चुरा पोत्यात भरून आला की डोळ्यांस काही कळत नाही. आमच्या परिचयाच्या एका औषधशाळेत एकाच हंगामात ‘ब्राह्मी’ म्हणून आलेल्या दोन पोत्यांत दोन भिन्न वनस्पती निघाल्या. पुरवठादाराने खोटे काहीच केले नव्हते. त्याच्या गावी दोहोंसही ब्राह्मीच म्हणत. चूक मागणीपत्र लिहिणाऱ्याची होती, कारण त्यात वनस्पतिशास्त्रीय नावच नव्हते. दोन्ही द्रव्ये मेध्य म्हणून मान्य असली तरी एकीतील एशियाटिकोसाइड आणि दुसरीतील बाकोसाइड ही घटकद्रव्ये भिन्न आहेत, आणि एकीच्या नावाने दुसरी देणे हा रुग्णाचा विश्वासघातच होय.

आपले मान आणि आपल्या वनस्पती

ग्रीकांच्या शब्दांतील ही संदिग्धता पाहून आपण निश्चिंत होण्याचे कारण नाही. आपल्या परिभाषेत तर मानाची नावे उघडउघड वनस्पतींचीच आहेत. गुंजा ही वनस्पती आणि मानही. माष म्हणजे उडीद आणि मानही. कोल म्हणजे बोर आणि अर्धा कर्ष. अक्ष म्हणजे बिभीतक आणि कर्षही. तिंदुक आणि उदुंबर हेही कर्षाचेच पर्याय. आम्र आणि बिल्व हे पलाचे पर्याय. भारतीय आयुर्वेदिक योगसंग्रहाने स्वीकारलेल्या प्रमाणात कर्ष १२ ग्रॅम आणि पल ४८ ग्रॅम आहे. ‘बिल्वमात्र’ म्हणजे एक बेलफळ असे कोणी समजला, तर ४८ ग्रॅमच्या जागी कित्येक पट द्रव्य पडेल. त्याहून सूक्ष्म सापळा पर्यायांत आहे. शार्ङ्गधरसंहितेत ‘षोडशिका’ हा कर्षाचा पर्याय आहे आणि ‘षोडशी’ हा पलाचा. शब्दांत फरक एका अक्षराचा, मानात चौपटीचा!

द्रव मोजण्याच्या बाबतीतही शार्ङ्गधरांनी ग्रीकांप्रमाणेच भांडे सांगितले आहे. चार अंगुळे रुंद आणि चार अंगुळे उंच असे मृत्तिका, काष्ठ, वेणु अथवा लोहाचे पात्र म्हणजे कुडव. ही आपली कोटुलेच होय. परंतु द्रव आणि आर्द्र द्रव्ये दुप्पट कोठपासून घ्यावयाची, याविषयी परिभाषेत दोन परंपरा आहेत. शार्ङ्गधरमते कुडवापर्यंत मान सारखे आणि प्रस्थापासून दुप्पट; दुसऱ्या परंपरेत कुडव होईपर्यंतच सारखे आणि कुडवापासून दुप्पट. म्हणून एखाद्या तैलपाकात ‘एक कुडव दुग्ध’ असेल, तर एका मते ते १९२ मिलिलिटर आणि दुसऱ्या मते ३८४ मिलिलिटर होते. तुलामानात मात्र द्वैगुण्य नाही. मागध आणि कालिंग मानांचा भेद आणखी निराळाच.

काय करावे ?

एवढ्या विवेचनानंतर काही सूचना आम्ही वैद्यबंधूंपुढे आणि औषधशाळाचालकांपुढे ठेवू इच्छितो.

एक, मागणीपत्रावर आणि नोंदवहीत संस्कृत नाव, स्थानिक नाव, आजचे ग्राह्य वनस्पतिशास्त्रीय नाव आणि उपयुक्तांग ही चारही लिहावीत. जुने नाव आढळल्यास ते कंसात ठेवावे, परंतु त्याच्यावर विसंबू नये.

दोन, ब्राह्मी व मंडूकपर्णी यांसारख्या जोड्यांत शक्यतो पूर्ण वनस्पती सुकवून मागवावी, चुरा नव्हे. आणि प्रत्येक खेपेचा नमुना जपून ठेवावा.

तीन, हस्तलिखित वा जुन्या छापील योगावरून औषध सिद्ध करताना मानाचे नाव, त्याचा स्वीकारलेला अर्थ आणि मेट्रिक प्रमाण असे तीन रकाने करावेत. कोणती मानपरंपरा आणि द्रवद्वैगुण्याचा कोणता पक्ष धरला, हे त्याच पानावर नोंदवावे. मानकरी बदलला तरी औषध बदलता कामा नये.

चार, मापाची वाटी आणि तराजू यांची गल्लत करू नये. तेल, मध आणि पाणी यांचे समान आयतन घेतले तरी भार समान येत नाही. गालेनची तक्रार आजही तितकीच खरी आहे.

एका वाटीच्या नावाने संधी, बीज, पर्ण आणि माप असा दोन सहस्र वर्षांहून अधिक प्रवास केला. शब्दाचा हा प्रवास मनोरंजक खरा. परंतु रुग्णाच्या हाती पडणाऱ्या पुडीत शब्द नसतो, द्रव्य असते. ते द्रव्य कोणते आणि किती, याचे उत्तर संदिग्ध राहू नये, एवढी जबाबदारी आपणा सर्वांची आहे.