यमाईच्या डोंगरावरचा हेन्री मूर

औंधच्या मूळपीठाचा डोंगर चढताना अर्ध्या वाटेवर श्रीभवानी चित्र-पदार्थ संग्रहालय लागतं. ओटीचं साहित्य हातात धरलेली माणसं वर यमाईकडं निघालेली असतात आणि वाटेवरच्या त्या इमारतीत हेन्री मूर या इंग्लिश शिल्पकाराचं ‘माता आणि बालक’ आहे. ज्याच्याशिवाय विसाव्या शतकातल्या शिल्पकलेचा इतिहास लिहिताच येत नाही, त्या माणसाचं काम खटाव तालुक्यातल्या माळावर कसं काय आलं, हा प्रश्न पडतोच. त्याचं उत्तर शोधू लागलं की सातारा-सांगली भागाची एक अशी कथा हाती लागते, जी या भागातल्या शाळांतही फारशी सांगितली जात नाही.

भवानराव ऊर्फ बाळासाहेब पंतप्रतिनिधी 1909 साली औंधच्या गादीवर आले. संस्थान बेताचंच होतं. 72 गावं, तीही सलग नाहीत. औंध एकीकडं, कुंडल दुसरीकडं, आटपाडी तिसरीकडं. सांगली जिल्ह्यातल्या कवठे महांकाळच्या माणसाला हा मुलूख परका नाही. उत्तरेला आटपाडीचं माणदेश, वायव्येला कुंडल, आणि पाऊस सगळीकडं सारखाच रुसलेला. एवढ्याशा उत्पन्नात हत्ती-घोडे आणि शिकारखाने मिरवण्यापेक्षा या राजाला दुसरीच हौस होती. तो स्वतः कीर्तन करी, सूर्यनमस्कार घाली आणि चित्रं काढी. 1916 मध्ये त्यांचं चित्ररामायण छापून आलं. पुण्याच्या भांडारकर संस्थेनं महाभारताची चिकित्सक आवृत्ती काढावी, यासाठी त्यांनी एक लाख रुपये देऊ केले. ती आवृत्ती सचित्र असावी हा आग्रहही त्यांचाच होता, आणि त्यासाठी त्यांनी स्वतः कुंचला हाती घेतला. 1932 साली अजिंठ्यावरचं त्यांचं पुस्तक मुंबईत तारापोरवालांनी प्रसिद्ध केलं.

चित्रकार म्हणून पंत किती थोर होते, हा वाद घालण्यात अर्थ नाही. ते मोठे होते पाहणारे म्हणून, आणि त्याहून मोठे जमवणारे म्हणून. रविवर्मा, धुरंधर, बाबूराव पेंटर, बंगाली शैलीतली चित्रं, युरोपातल्या जुन्या चित्रांच्या प्रतिकृती असं पुष्कळ काही त्यांनी गोळा केलं. यातले रविवर्मा 1906 मध्येच वारले होते. पण धुरंधर तेव्हा मुंबईच्या जे. जे. स्कूलमध्ये शिकवत होते, बाबूराव कोल्हापुरात पडदे रंगवता रंगवता सिनेमा काढत होते आणि मूर अजून चाळिशीच्या आसपासचा होता. आज ही नावं ऐकली की जुनी, मानाची वाटतात. पंतांनी त्यांची कामं घेतली तेव्हा ती आजची कला होती. काय टिकेल, कुणाची किंमत वाढेल, याची हमी द्यायला कुणी नव्हतं.

1938 मध्ये संग्रहालय लोकांसाठी उघडलं. जागेची निवड पाहण्यासारखी आहे. राजवाड्यातल्या एखाद्या दालनात ही चित्रं लावली असती तर ती पाहुण्यांनी आणि साहेबांनी पाहिली असती. डोंगराच्या वाटेवर ठेवल्यावर ती जत्रेच्या माणसांची झाली. पौषातल्या यात्रेला येणारा शेतकरी मुद्दाम चित्रं बघायला येत नाही, पण दर्शनाच्या वाटेवरच ती असली तर आत डोकावतो. रामायणातला प्रसंग त्याला ओळखीचा असतो, त्यामुळे तिथं तो बिचकत नाही, आणि त्याच फेरीत तो युरोपातल्या चित्राच्या प्रतिकृतीसमोरही उभा राहतो. कीर्तनकाराला हे तंत्र नवं नाही. पूर्वरंगानं माणूस बसवायचा आणि मग जे सांगायचं ते सांगायचं.

संग्रहालय उघडलं त्याच सुमारास पंतांनी दुसरा मोठा निर्णय घेतला. राज्यकारभार रयतेच्या हाती सोपवायचा ठरला, गांधीजींचा सल्ला घेऊन मॉरिस फ्रिडमन या पोलिश अभियंत्यानं मसुदा तयार केला आणि 1939 च्या जानेवारीत औंधची राज्यघटना अमलात आली. मत द्यायचं तर लिहिता-वाचता यायला हवं, ही तिच्यातली एक अट होती. त्याच वर्षी आटपाडीजवळ स्वतंत्रपूर ही कैद्यांची बिनभिंतींची वसाहत सुरू झाली. चित्रं, अक्षरओळख आणि भिंती नसलेला तुरुंग ही तीन वेगवेगळी खाती वाटतात, पण त्यांच्यामागं एकच विश्वास होता. माणसाला चांगली संधी समोर ठेवली तर तो शिकतो. चित्र त्या विश्वासातून वगळलेलं नव्हतं, याचं मोल फार आहे. नंतरच्या बहुतेक सुधारकांनी ते वगळलं.

या हवेत कोण कोण वाढलं, याचा हिशेब मांडला तर यादी लांबते. किर्लोस्करवाडीचे लक्ष्मणराव किर्लोस्कर मुळात जे. जे. मध्ये चित्रकार व्हायला गेले होते. काही रंग ओळखू येत नाहीत असं लक्षात आलं म्हणून ते यंत्रांच्या रेखाटनाकडं वळले. 1910 साली कारखान्यासाठी कुंडलजवळची जमीन त्यांना भवानरावांनीच दिली. त्या वाडीतून 1920 साली ‘किर्लोस्कर खबर’ निघालं. ते काढणारे शंकरराव लाहोरला पंडित सातवळेकरांकडं चित्रकला शिकून आलेले. मुखपृष्ठावरचं चित्र हा मराठी मासिकांचा एक जिव्हाळ्याचा भाग झाला, त्यात या वाडीचा वाटा मोठा आहे. वेदांचे भाष्यकार म्हणून महाराष्ट्र ज्यांना ओळखतो ते श्रीपाद दामोदर सातवळेकर स्वतः जे. जे. चे चित्रकार. पंजाबातून निघून ते औंधला येऊन राहिले. त्यांचे चिरंजीव माधव सातवळेकर फ्लॉरेन्स, लंडन आणि पॅरिसमध्ये शिकून आले आणि पुढे राज्याचे कलासंचालक झाले.

आणि माडगूळकर. गजानन दिगंबरांचं शिक्षण आटपाडी, कुंडल आणि औंध असं सगळं याच संस्थानात झालं. स्वतंत्रपूरच्या प्रयोगावरून त्यांनी कथा लिहिली आणि शांतारामबापूंनी 1957 मध्ये तिचा ‘दो आँखें बारह हाथ’ केला. धाकटे व्यंकटेश लिहीतही आणि चित्रंही काढीत. त्यांच्या माणदेशाच्या गोष्टींत ओळीच रेखाटनासारख्या येतात. मोजकं टिपायचं, बाकी कागद कोरा ठेवायचा. हे औंधच्या संग्रहालयानं शिकवलं असं म्हणणं अतिशयोक्त होईल. पण पाहणं हे कामाचं असतं, असं मानणाऱ्या मुलखात ते वाढले, एवढं नक्की.

औंधशी ताडून पाहावं असं एक उदाहरण परदेशात आहे. याच काळात, औंधच्या दोन वर्षं आधी, 1936 च्या एप्रिलमध्ये नेदरलँड्समधल्या आइंडहोवन शहरात व्हॅन अबे संग्रहालय उघडलं. हेन्री व्हॅन अबे हा सिगारचा कारखानदार. स्वतःच्या आवडीची चित्रं त्यानं जमवली होती. इमारत बांधून त्यानं शहराच्या हवाली केली. शहर मोठं म्हणावं असंही नव्हतं. फिलिप्सचे दिव्यांचे कारखाने आणि कामगारांची वस्ती. शेजारच्या न्यूनेन गावात व्हिन्सेंट व्हॅन गॉगनं 1885 साली बटाटे खाणारं शेतकरी कुटुंब रंगवलं होतं, एवढीच त्या भागाची चित्रकलेतली पुण्याई.

औंध आणि आइंडहोवन यांच्यात फरक पडला तो दुसऱ्या महायुद्धानंतर. मालक 1940 मध्ये वारला, पण खरेदी थांबली नाही, कारण ती नगरपालिकेची जबाबदारी झाली होती. 1946 मध्ये आलेल्या एडी दे विल्डे या संचालकानं पिकासो आणि शागाल घेतले, तेव्हा दोघेही हयात होते. पुढच्या संचालकांनी रशियन प्रयोगवाद्यांकडं, मग आपल्या काळातल्या नव्या कलावंतांकडं मोर्चा वळवला. 2003 मध्ये जुन्या इमारतीला मोठी जोड इमारत मिळाली. 2011 साली या संग्रहालयानं पिकासोचं 1943 मधलं ‘स्त्रीचा अर्धदेह’ हे चित्र पॅलेस्टाइनमधल्या रामल्लाच्या कला अकादमीला उसनं दिलं. चित्र कुठलं आणायचं हे तिथल्या विद्यार्थ्यांनी ठरवलं होतं. विमा, जकात, तपासणी नाके हे सगळं पार करायला दोन वर्षं गेली. तापमान राखणारी खास खोली बांधली गेली आणि एका वेळी तीनच माणसं आत सोडली जात. एक चित्र पाहण्यासाठी माणसांनी एवढा खटाटोप करावा, याचं अप्रूप औंधच्या माणसाला तरी वाटू नये.

पाहणाऱ्याला काय येतं आणि काय अडतं, याचा विचार तिथं सतत होत राहिला. 2009 पासून चाललेल्या एका उपक्रमात प्रेक्षकानं यात्रेकरू, पर्यटक की निव्वळ भटक्या म्हणून फिरायचं, ते स्वतः निवडावं अशी मांडणी होती. 2021 साली खुल्या झालेल्या मांडणीत काही कामं हातानं चाचपता येत होती, काहींच्या जोडीला वास आणि आवाज होते. दृष्टी अधू असलेल्या माणसालाही संग्रह भेटावा, हा त्यामागचा हेतू. आणि आपल्यासाठी महत्त्वाची गोष्ट म्हणजे 2013 साली याच संग्रहालयात प्रभाकर पाचपुतेंचं काम लागलं. पाचपुते चंद्रपूर जिल्ह्यातल्या सास्तीचे, कोळशाच्या खाणींच्या गावचे. खैरागड आणि बडोद्याला शिकले आणि कोळशानंच भिंतींवर खाणकामगार काढू लागले. धडाच्या जागी यंत्र, डोक्याच्या जागी दिवा अशी त्यांची माणसं पाहिली की सास्तीच्या खाणीत न उतरताही तिथली दमछाक कळते. वर्षभरात ते साओ पाउलोच्या द्वैवार्षिक प्रदर्शनात गेले.

औंधचं तसं झालं नाही. 1948 च्या मार्चमध्ये संस्थान मुंबई राज्यात विलीन झालं, 1951 च्या एप्रिलमध्ये बाळासाहेब गेले. संग्रहालय पुढं शासनाकडं आलं, म्हणून ते वाचलं, हे आधी कृतज्ञतेनं म्हटलं पाहिजे. दख्खनच्या कितीतरी छोट्या संस्थानिकांच्या वस्तू वाटण्यांत आणि लिलावांत गेल्या. पण जपणं हे एक काम आणि चालू ठेवणं हे दुसरं. पंतांनंतर त्या हौसेनं आणि त्या वेगानं भर पडली नाही. धुरंधरांनंतरचा, बाबूरावांनंतरचा महाराष्ट्र त्या डोंगरावर चढलाच नाही. संगीताच्या बाबतीत त्याच गावानं वेगळं करून दाखवलं. गुरू शिवानंद स्वामींच्या स्मरणार्थ गायक अंतूबुवा जोशींनी 1940 मध्ये सुरू केलेला औंधचा संगीत महोत्सव अश्विनात भरतो आणि दर पिढीचे गायक तिथं गातात. गाणं चालतं राहिलं, चित्र थांबलं.

कवठे महांकाळच्या बाजूनं पाहिलं तर हे आणखी टोचतं. इथल्या शाळांतून मुलं एलिमेंटरी आणि इंटरमिजिएटच्या परीक्षांना बसतात. गावोगावी त्याला ग्रेड परीक्षाच म्हणतात. कलासंचालनालय ती घेतं, म्हणजे ज्या कचेरीत एकेकाळी औंधचे माधव सातवळेकर बसले तीच कचेरी. स्थिरचित्र, स्मरणचित्र, संकल्पचित्र, भूमिती आणि अक्षरलेखन असे विषय. दहावीला वाढीव गुण मिळतात म्हणून पालकही लक्ष घालतात. टेबलावर तांब्या, एखादं वांगं, घडी पडलेलं फडकं मांडलेलं असतं आणि मुलं शिसपेन्सिलनं सावली घासत असतात. हात तयार होतो, यात शंका नाही. पण थोरांनी काढलेलं एक तरी चित्र समोर उभं राहून पाहायचं, अशी अट या सगळ्यात कुठंच नाही. मुलाला अव्वल श्रेणी मिळू शकते आणि त्यानं आयुष्यात एकही मूळ तैलचित्र पाहिलेलं नसतं. रंग किती जाड लागतो, कुंचल्याची ओढ कुठं सुटते, उजेडाचा ठिपका म्हणजे प्रत्यक्षात पांढऱ्या रंगाचा एक गोळा असतो, हे छापील चित्रातून समजत नाही. मोबाइलच्या पडद्यावर तर धुरंधर आणि कॅलेंडर दोन्ही सारखेच चकचकीत दिसतात.

सहली निघतात. पण सहलीची बस एका दिवसात चार ठिकाणं उरकते. औंधला देवीचं दर्शन, डबा आणि संग्रहालयातून एक झपाट्याची फेरी. चाळीस मुलं रांगेनं आत जातात, रांगेनं बाहेर येतात, आणि मास्तर मागून ‘चला, चला’ म्हणत असतात. त्यांचाही दोष नाही, संध्याकाळच्या आत सगळ्यांना घरी पोहोचवायचं असतं.

यावर उपाय हाताशी आहे. ऑगस्टमध्ये ग्रेडचा सराव सुरू असतो. त्या दिवसांत फक्त परीक्षेची वीस-पंचवीस मुलं घेऊन औंधला जावं, दुसरं ठिकाण घेऊ नये. शालेय सहलीला एसटी भाड्यात निम्मी सवलत देते. प्रत्येक मुलानं एकच काम निवडावं, त्याच्यासमोर तासभर बसावं आणि पेन्सिलनं त्याची नक्कल करावी. पॅरिसच्या लूव्हरमध्ये चित्रकारांच्या पिढ्या अशाच शिकल्या. संग्रहालयानंही त्या दिवशी मुलांना खाली बसू द्यावं, शक्य झालं तर फळ्या द्याव्यात. आणि शासनाला खरंच काही करायचं असेल तर ग्रेडच्या एका प्रश्नपत्रिकेत ‘पाहिलेल्या एका कलाकृतीविषयी लिहा’ असा दहा गुणांचा प्रश्न टाकावा. तो प्रश्न आला की पुढच्या वर्षापासून तालुक्यातले कलाशिक्षक औंधच्या, सांगलीच्या, कोल्हापूरच्या संग्रहालयांत वही घेऊन हजर होतील.