नाव ठेवलं, पण कुणासाठी?

आपल्या नावाचा अर्थ काय, हे तुम्ही कधीतरी गूगल केलंच असेल. मीही केलंय. पण आज बोलूया अशा नावांबद्दल, ज्यांचा अर्थ शोधावाच लागत नाही. तो सरळ तोंडावर सांगितलेला असतो.

आमचं गाव साताऱ्याकडचं. माझ्या आत्याला आम्ही शोभाआत्या म्हणतो. मागे तिचा एक फॉर्म भरायला बसले, तर शाळेच्या दाखल्यावर नाव दिसलं, नकुसा. म्हटलं, "आत्या, ही कोण गं?" ती म्हणाली, "मीच की. चौथी मुलगी ना मी." शोभा हे नाव तिला लग्नात मिळालं, ताटातल्या तांदळांवर अंगठीनं लिहून. "बदललं ते बरंच झालं," एवढंच बोलली आणि चहा टाकायला गेली.

नकुसा, नकोशी. म्हणजे नको असलेली.

आता तुम्ही म्हणाल, आपल्याकडे दगडू, धोंडू, केरू अशीही नावं होतीच की! होती. पण त्यांचं कारण वेगळं. पूर्वी मुलं जगायची नाहीत. एक-दोन गेली की पुढच्याचं नाव मुद्दाम दगड, धोंडा, केर असं ठेवायचं, म्हणजे त्याला कुणाची नजर लागणार नाही. मंगोलियात हीच युक्ती आहे. तिथे नेरगुइ म्हणजे 'नाव नसलेला', एनेबिश म्हणजे 'हा नव्हे', हुनबिश म्हणजे 'माणूस नव्हे'. वाईट शक्ती दारात आलीच, तर तिची फसगत व्हावी आणि पोर वाचावं. म्हणजे बघा, नाव वाईट, पण मूल इतकं हवंय की त्याला लपवायचंय.

नकुसाचं उलटं आहे. ते नाव त्या मुलीसाठी नसतंच. ते देवाला दिलेलं निवेदन असतं: मुली पुरे, आता मुलगा दे. मुलगी म्हणजे नुसता निरोपाचा कागद.

आणि हे फक्त आपल्याकडे नाही. चीनमध्ये मुलींची नावं सापडतात झाओदी, म्हणजे 'धाकट्या भावाला बोलाव', आणि लायदी, म्हणजे 'धाकट्या भावा, ये'. विचार करा, आयुष्यभर तुम्हाला कुणीही हाक मारली की हाक जाते न जन्मलेल्या भावाला!

हरियाणात अशाच आशेनं 'अंतिम' नाव ठेवतात. ही शेवटची मुलगी असू दे, म्हणून. कुस्तीपटू अंतिम पंघाल घरातली चौथी मुलगी. २०२२ मध्ये वीस वर्षांखालच्या जागतिक कुस्ती स्पर्धेत सुवर्णपदक जिंकणारी ती पहिली भारतीय महिला ठरली. २०२३ मध्ये तिनं ते पुन्हा जिंकलं. नाव तेच ठेवून.

पण प्रत्येकीच्या वाट्याला कुस्तीचा आखाडा येत नाही. म्हणून सातारा जिल्ह्यात ऑक्टोबर २०११ मध्ये एक कार्यक्रम झाला. नकुसा, नकोशी अशा नावांच्या २८५ मुलींना नवीन नावं मिळाली. काहींनी आपलं नाव स्वतः निवलं, कुणी ऐश्वर्या झाली, कुणी वैशाली. त्याच वर्षीच्या जनगणनेत महाराष्ट्रात सहा वर्षांपर्यंतच्या हजार मुलांमागे मुली होत्या ८९४. म्हणजे नाव बदललं, तरी नावामागचं कारण जागच्या जागी होतं. कारण ज्यांना जन्मूच दिलं नाही, त्यांना तर नकुसा हे नावही मिळालं नाही.

तुमच्या ओळखीत असं नाव असेल आणि तिला बदलायचं असेल, तर राजपत्रात, म्हणजे गॅझेटमध्ये, नावबदल प्रसिद्ध करता येतो. त्याच्या आधारे पुढची कागदपत्रं बदलून घ्यायची. मोबाईलवरून फॉर्म भरायला तुम्ही मदत करू शकता. पण आधी तिला विचारा. बदलायचं की नाही, हे तिनं ठरवायचं.

मी आत्याला विचारलं, दाखल्यावरचं बदलूया का? ती हसली. म्हणाली, "आता कशाला? पण तू विचारलंस. तेव्हा कुणी विचारलं नव्हतं."

आज घरी एक काम करा. आजीला, आत्याला, मावशीला त्यांचं माहेरचं नाव विचारा. आणि ते कुणी ठेवलं, का ठेवलं, तेही. भेटू पुढच्या भागात!