आनंद पटवर्धन : बाजू घेणारा कॅमेरा

भंडारदऱ्याचे जे व्हिडिओ मोबाइलवर फिरतात त्यांत जूनमधले काजवे असतात, अंब्रेला धबधबा असतो, 1926 साली पुऱ्या झालेल्या विल्सन धरणाची दगडी भिंत असते. जलाशयाभोवतीच्या रतनवाडीची, साम्रदची माणसं बोलताना मात्र क्वचितच दिसतात. धरण दाखवायचं म्हणजे भिंत दाखवायची, ही सवय जुनी. 1948 साली स्थापन झालेल्या फिल्म्स डिव्हिजनचे माहितीपट थिएटरात मुख्य चित्रपटाआधी लागत, त्यांनी ती अंगवळणी पाडली. माहितीपटकार आनंद पटवर्धन यांनी सीमंतिनी धुरू यांच्यासोबत केलेली ‘नर्मदा डायरी’ (1995) मात्र नर्मदेवरच्या धरणाकडे पाहते ती अक्कलकुवा तालुक्यातल्या, बुडायला निघालेल्या मणिबेलीतून.

हे एकांगी झालं, असा आक्षेप पटवर्धनांवर नेहमी घेतला जातो. ते बाजू घेतात हे खरंच आहे, पण ती लपवत नाहीत. अयोध्येतल्या मंदिर आंदोलनावरच्या ‘राम के नाम’मध्ये (1992) कारसेवक आपलं म्हणणं स्वतःच्या तोंडाने मांडतात, पुजारी लालदासही मांडतात. विचारलेला प्रश्नही ऐकू येतो, त्यामुळे विचारणारा कुठे उभा आहे हे प्रेक्षकाला कळतं आणि त्याच्याशी भांडताही येतं. अधिकारवाणीने बोलणाऱ्या सरकारी निवेदकाशी कसं भांडणार? शिवाय ही बाजू घाईने ठरवलेली नसते. 11 जुलै 1997 रोजी घाटकोपरच्या रमाबाई नगरात पोलिसांच्या गोळीबारात दहा जण मारले गेले आणि त्या व्यथेने शाहीर विलास घोगरे यांनी जीवन संपवलं. पटवर्धनांच्याच ‘हमारा शहर’मध्ये (1985) ते गायले होते. त्यांच्या मृत्यूचा माग काढत ‘जय भीम कॉम्रेड’ चौदा वर्षं चित्रित होत राहिली आणि कबीर कला मंचाच्या तरुण शाहिरांपर्यंत पोचली. मुदत घालून देणारा निर्माता डोक्यावर असता तर ही फिल्म गोळीबारापाशीच थांबली असती. माझ्या मते पटवर्धनांच्या स्वतंत्रपणाची खरी कमाई हा वेळच आहे.

आधीच पटलेलेच लोक या फिल्म पाहतात, हा दुसरा आक्षेप अधिक वजनदार आहे. पण तसा प्रेक्षक पुरेसा वाटला असता तर पटवर्धन दूरदर्शनसाठी कोर्टात गेले नसते. ‘जंग और अमन’मध्ये सेन्सॉरने सुचवलेले 21 कट त्यांनी नाकारले आणि 2003 साली मुंबई उच्च न्यायालयातून फिल्म अखंड सोडवून आणली. ‘पितृ, पुत्र और धर्मयुद्ध’ 1995 ची. ती दूरदर्शनने दाखवावी, असा निकाल सर्वोच्च न्यायालयाने दिला 2006 साली.